केलेब पोर्टर, इंडियाना आणि अमेरिकेतला कॉलेज-कोच

मधली_फळी

युरोपचं फुटबॉल बघणाऱ्याला एक गोष्ट विचित्र वाटते. अमेरिकेतले व्यावसायिक फुटबॉलचे कितीतरी मोठे कोच विद्यापीठांतून आले. ब्रूस अरीना १९७८ ते १९९५ व्हर्जिनिया विद्यापीठात होता. तिथे पाच राष्ट्रीय विजेतेपदं (१९८९ चं सांता क्लारासोबत संयुक्त), मग डीसी युनायटेड, मग राष्ट्रीय संघ. बॉब ब्रॅडली १९८४ ते १९९५ प्रिन्स्टनला होता. मधल्या पिढीतला सगळ्यात अभ्यासण्यासारखा माणूस म्हणजे केलेब पोर्टर. खेळाडू, असिस्टंट, कॉलेजचा मुख्य कोच, वयोगटाचा राष्ट्रीय संघ आणि एमएलएस (तिथली सर्वोच्च व्यावसायिक लीग) हे सगळे टप्पे त्याच्या एकट्याच्या कारकिर्दीत सापडतात, आणि कुठे जमलं, कुठे फसलं हे स्वच्छ दिसतं.

थोडक्यात पट असा. जन्म १९७५, टकोमा, वॉशिंग्टन राज्य. १९९४ ते १९९७ इंडियाना विद्यापीठात जेरी येगलीच्या हाताखाली मिडफिल्डर. १९९८ ला एमएलएसमध्ये सॅन होजे, मग टॅम्पा बे. गुडघ्याने साथ दिली नाही, मोजके सामने खेळून २००० मध्ये सगळं संपलं. गंमत म्हणजे इंडियानाने विजेतेपद घेतलं १९९८ आणि १९९९ ला, हा बाहेर पडल्यावर लगेच. २००० मध्येच तो असिस्टंट म्हणून इंडियानाला परतला, २००३ आणि २००४ ची विजेतेपदं त्या खुर्चीतून पाहिली, आणि २००६ ला ओहायोतल्या अक्रन विद्यापीठाचा मुख्य कोच झाला.

२००९ : अपराजित राहून अंतिम फेरी, तिथे व्हर्जिनियाशी ०-० आणि पेनल्टीत हार. २०१० : सांता बार्बरा इथल्या अंतिम सामन्यात लुईव्हिलवर १-० असा विजय, गोल स्कॉट कॉल्डवेलचा. पुढच्याच जानेवारीत एमएलएस ड्राफ्टच्या (क्लब पाळीपाळीने कॉलेजचे खेळाडू निवडतात तो कार्यक्रम) पहिल्या आठांत पाच खेळाडू अक्रनचे : नॅगबी, किचन, व्हॅलेंटिन, सारकोडी, नॅन्चॉफ.

माझं म्हणणं एवढंच, की अक्रनची गोष्ट सगळे ‘सुंदर पासिंग’ची म्हणून सांगतात. पासिंग होतंच. पण त्याच्या मुळाशी भरती होती आणि वेळापत्रकाचा हिशोब होता. खेळाडूचा कॉलेज-कोच होतो तेव्हा त्याला नव्याने शिकावं लागतं ते हेच. मैदानावरचं त्याला बऱ्यापैकी येतच असतं.

---

पेठेतला_विंगर

चांगला विषय. पण पोर्टरला आयतं ताट मिळालं असं नाही का वाटत? त्याच्या आधी केन लोलाने अक्रनला राष्ट्रीय क्रमवारीत वर आणून ठेवलं होतंच.

---

मधली_फळी

@पेठेतला_विंगर, अर्धं बरोबर. लोला अक्रन सोडून गेला तो लुईव्हिलला, आणि २०१० च्या अंतिम सामन्यात समोरच्या बाकावर तोच होता. म्हणजे तो सामना एका अर्थी अक्रनच्या आजी-माजी कोचांचा.

पण ते पाच खेळाडू आले कुठून ते बघा. नॅगबी जन्माने लायबेरियाचा, पण ओहायोतच वाढलेला. सारकोडीही ओहायोचाच. पेरी किचन इंडियानापोलिसचा, म्हणजे थेट पोर्टरच्या जुन्या विद्यापीठाच्या अंगणातून उचललेला, आणि तोही एकच मोसम खेळून गेला. व्हॅलेंटिन आधी मेरिलँडला होता, तिथून बदलून आला. त्याआधी स्टीव्ह झकुआनी, किन्शासात जन्मून लंडनमध्ये वाढलेला, आर्सेनलच्या अकादमीतून आलेला. २००९ च्या ड्राफ्टमध्ये पहिलं नाव त्याचंच पुकारलं गेलं. म्हणजे घरचे, शेजारचे, दुसऱ्या विद्यापीठातले आणि परदेशी अशी चारही दारं उघडी ठेवलेली. शिवाय हरमन ट्रॉफी (कॉलेजच्या सर्वोत्तम खेळाडूचा मान) लागोपाठ दोनदा अक्रनला : २००९ टील बनबरी, २०१० नॅगबी. लोलाचा वारसा एवढ्या लांब पुरत नाही.

---

क्लीव्हलंडकर

त्यात ९.९ हा आकडा घाला म्हणजे चित्र पूर्ण होईल. त्या काळात एनसीएएच्या (कॉलेज खेळांची नियामक संस्था) पहिल्या, म्हणजे सगळ्यात वरच्या विभागात पुरुष फुटबॉलच्या एका संघाला मिळून ९.९ पूर्ण स्कॉलरशिप वाटता यायच्या. महिलांच्या संघाला १४. संघ २६-२८ जणांचा. समान वाटल्या तर प्रत्येकाला एकतृतीयांशाच्या जरा वर. पण समान कोणी वाटत नाही. एखाद्या किचनसाठी घसघशीत हिस्सा काढला की बाकीच्यांना दहा-वीस टक्क्यांवर राजी करावं लागतं.

हिशोब असा लागायचा : खेळाडूला मिळालेली खेळाची मदत भागिले पूर्ण खर्च. त्या अपूर्णांकांची बेरीज ९.९ च्या वर जाता कामा नये. ठरावीक निकषात बसणारी गुणवत्तेची स्कॉलरशिप या बेरजेत धरत नाहीत. म्हणून हुशार कोच उत्तम गुणांची मुलं शोधतो. फी गुणांवर निघते आणि खेळाचा कोटा वाचतो. नवा कोच पहिल्याच वर्षी इथे हमखास आपटतो. दोन स्ट्रायकरांवर खिसा रिकामा करतो आणि दोन वर्षांनी सेंटर-बॅक निघून गेला की हातात काही उरत नाही. स्कॉलरशिप चार वर्षांच्या तक्त्यावर मांडायची असते : आडवी वर्षं, उभ्या जागा, प्रत्येक चौकटीत टक्के.

---

कंप्लायन्स_काकू

क्लीव्हलंडकरांच्या प्रतिसादाला एक जोड. २०२५-२६ पासून ‘हाऊस’ खटल्याच्या (कॉलेज खेळाडूंच्या मोबदल्यावरून चाललेला खटला) तडजोडीनंतर ही व्यवस्था बदलली. जी विद्यापीठं तडजोडीत सामील झाली त्यांना स्कॉलरशिपची संख्यामर्यादा नाही, पण संघ २८ जणांचाच, पुरुष आणि महिला दोन्हींना. म्हणजे आता गणित टक्क्यांचं नाही, खुर्च्यांचं. तीन गोली धरले तर मैदानी खेळाडूंना २५ जागा. पूर्वी ‘ये, एक वर्ष बाकावर बस, मग बघू’ म्हणून ३२-३३ जणांचा गोतावळा ठेवणारे कोच होते, त्यांची पंचाईत झाली. दुखापती धरून २८ मध्ये भागवायचं तर दोन जागांवर खेळू शकणारा मुलगा एका जागेवरच्या थोड्या सरस मुलापेक्षा जास्त किमतीचा.

दुसऱ्या विभागात पुरुषांना ९ आणि महिलांना ९.९ स्कॉलरशिप आहेत. तिसऱ्या विभागात खेळासाठी स्कॉलरशिपच नाही, तिथे कोचला प्रवेश विभागाशी गोड राहावं लागतं.

---

शिट्टी

वाचनखूण साठवली. पासिंगबद्दल कोणी लिहील का? पहिल्या लेखात ‘वेळापत्रकाचा हिशोब’ म्हणून पुढे गेलात.

---

मधली_फळी

लिहितो. कॉलेजचा मोसम ऑगस्टअखेर सुरू होतो आणि डिसेंबरच्या मध्यापर्यंत संपतो. नियमित सामने अठराच्या आसपास, आणि ते साधारण दहा-अकरा आठवड्यांत कोंबलेले. पुरुषांचे बहुधा शुक्रवार आणि मंगळवार, महिलांचे गुरुवार आणि रविवार. आता आठवडा मांडा :

शुक्रवार सामना. शनिवार अंग मोकळं करायचं आणि न खेळलेल्यांचा जोरदार सराव. रविवारी आधीच्या सामन्याची चित्रफीत आणि हलका चेंडू. सोमवारी फ्रीकिक-कॉर्नर आणि प्रतिस्पर्ध्याची ओळख. मंगळवारी सामना. बुधवारी सुट्टी, कारण आठवड्यात एक दिवस पूर्ण मोकळा द्यावाच लागतो. गुरुवारी पुन्हा सामन्याची पूर्वतयारी.

यात नवीन काही शिकवायला दिवस कुठे आहे? नाहीच. वर एनसीएएची आठवड्याला २० तास आणि दिवसाला ४ तास ही मर्यादा. सामन्याचा दिवस कितीही लांबला तरी ३ तासच धरतात, एवढीच काय ती मेहेरबानी.

म्हणून ज्याला पोर्टरसारखं गोलीपासून चेंडू खेळवत आणायचंय, प्रतिस्पर्ध्याच्या अर्ध्या मैदानात पाच-सहा सेकंदांत चेंडू परत हिसकावायचाय, त्याने ते वसंतात बसवायचं. जानेवारी ते एप्रिल हा काळ कॉलेज-कोचचा खरा वर्ग. सामने थोडे, निकालाचं ओझं नाही. ऑगस्टमध्ये नव्याने आलेल्या पोरांना मग जुनीच पोरं शिकवतात. अक्रनचं यंत्र चाललं ते यामुळे. ज्यांनी पासिंगची नक्कल ऑगस्टमध्ये सुरू केली ते सप्टेंबरमध्ये आपल्याच पेनल्टी क्षेत्रात चेंडू गमावून बसले, आणि ऑक्टोबरात पुन्हा लांब किका सुरू.

---

शिट्टी

धन्यवाद, पटलं. आता नियमांची बाजू मी सांगतो, कारण कॉलेज फुटबॉल हे जगाच्या फुटबॉलपेक्षा वेगळ्या नियमांनी खेळलं जातं आणि कोचच्या डावपेचांवर त्याचा मोठा परिणाम होतो.

एक : बदली खेळाडू परत मैदानात येऊ शकतो. पहिल्या अर्ध्यात बाहेर गेलेला त्या अर्ध्यात परत येत नाही, पण दुसऱ्या अर्ध्यात येतो. दुसऱ्या अर्ध्यात बाहेर गेलेल्याला एकदा परतता येतं. यामुळे कित्येक संघ आक्रमकांच्या दोन पाळ्या लावतात : पहिली पाळी २५ मिनिटं जीव तोडून पळते, मग दुसरी. अशा संघापुढे पासिंग करणाऱ्यांना ‘थोड्या वेळाने हे दमतील’ ही सोयच नसते.

दोन : घड्याळ उलटं चालतं, ४५:०० वरून शून्याकडे, आणि गोल, कार्ड, पेनल्टी अशा प्रसंगी थांबतं. शेवटच्या दहा सेकंदांत प्रेक्षक मोजणी करतात. जादा वेळ पंचाच्या मनगटावर नसतो, त्यामुळे आघाडी राखण्याचं तंत्रही वेगळं.

तीन : २०२२ पासून नियमित मोसमातला ओव्हरटाइम रद्द. आधी बरोबरी सोडवण्यासाठी जादा वेळ खेळावा लागायचा, आणि मंगळवारच्या जादा वीस मिनिटांचं भाडं शुक्रवारी चुकवावं लागायचं.

व्यावसायिक फुटबॉलमध्ये गेलेल्या कॉलेज-कोचची पहिली ठेच इथेच. पोर्टर २०१३ ला पोर्टलंडला गेला तेव्हा एमएलएसमध्ये बदल्या तीन, परत येणं नाही, मोसम ३४ सामन्यांचा.

---

पेठेतला_विंगर

तरी पहिल्याच वर्षी पश्चिम विभागात पहिला आला ना? ३४ पैकी फक्त ५ हरले, सर्वोत्तम कोचचा मान मिळाला. ठेच वगैरे काही दिसत नाही.

आणि ऑलिंपिकचं सोयीस्करपणे वगळलंत.

---

क्लीव्हलंडकर

वगळायचं कशाला, सगळ्यात शिकण्यासारखं तेच आहे. मार्च २०१२. पोर्टर अजून अक्रनला, सोबत २३ वर्षांखालील राष्ट्रीय संघ. नॅशव्हिलला लंडन ऑलिंपिकची पात्रता. क्युबावर ६-०, मग कॅनडाकडून ०-२, आणि एल साल्वाडोरविरुद्ध ३-२ अशी आघाडी असताना जादा वेळात लांबून आलेला फटका गोलीच्या हाताखालून सुटला. ३-३. घरच्या मैदानावर अमेरिका गटातच गारद.

गोलीला दोष देऊन मोकळं होता येतं. पण अख्खा आकृतिबंध बघा : अक्रनचाच खेळ, तीच मैदानात पुढे सरकवलेली बचावफळी, दोन्ही बाजूचे बॅक वर. फरक एवढा की अक्रनला त्याच्याकडे वसंत होता, दोन-तीन वर्षं मुरलेली मुलं होती. इथे क्लबांकडून जमतील तसे जमलेले खेळाडू आणि मोजके दिवस. कॉलेजात ‘पद्धत आधी, खेळाडू त्याप्रमाणे निवडू’ हे चालतं कारण निवड तुमच्या हातात असते. निवडक शिबिराच्या संघात उलटं करावं लागतं.

तो शिकला असावा असं मला त्याच्या पुढच्या दोन विजेतेपदांवरून वाटतं. २०१५ चा एमएलएस अंतिम सामना, कोलंबसच्या मैदानात, पोर्टलंड २-१. पहिला गोल २७ व्या सेकंदाला : कोलंबसचा गोली स्टीव्ह क्लार्क चेंडू पायात घोळवत बसला आणि पोर्टलंडच्या व्हॅलेरीने घसरत जाऊन हिसकावला. म्हणजे मागून खेळवणाऱ्या संघाला मागेच पकडलं. पोर्टरने स्वतःच्या जुन्या तत्त्वज्ञानाची दुखरी नस दाबली म्हणायला हरकत नाही. २०२० ला कोलंबसचा कोच म्हणून सिएटलवर ३-०, आणि तेव्हा तर नॅगबी कोविडमुळे संघाबाहेर होता. आपला सगळ्यात भरवशाचा मिडफिल्डर नसताना आखणी बदलून जिंकला.

---

मधली_फळी

@क्लीव्हलंडकर, ‘दुखरी नस’ला दाद.

पुढचा भाग मात्र तितका उजळ नाही. कोलंबसने ऑक्टोबर २०२२ मध्ये काढलं, न्यू इंग्लंडला २०२४ चा मोसम वाईट गेला आणि सप्टेंबर २०२५ मध्ये तिथूनही निरोप.

---

प्राजक्ता_ओहायो

पोर्टरवरच सगळे अडकलात. त्याच इंडियानाच्या शाळेतले दुसरे दोघे तुलनेला घ्या, चित्र जास्त स्पष्ट होतं.

टॉड येगली : जेरी येगलीचा मुलगा, ब्लूमिंग्टनमध्येच वाढलेला, बापाच्याच संघात चार वर्षं, मग कोलंबस क्रूकडून १९९६ ते २००२. विस्कॉन्सिनला एक मोसम मुख्य कोच आणि २०१० पासून इंडियाना. २०१२ ला जॉर्जटाउनवर १-० ने विजेतेपद, इंडियानाचं एकूण आठवं. त्यानंतर तीन अंतिम सामने हरला : २०१७ स्टॅनफर्डकडून जादा वेळात, २०२० चा मोसम (जो २०२१ च्या मे महिन्यात संपला) मार्शलकडून जादा वेळात, आणि २०२२ ला सिरॅक्यूसकडून पेनल्टीत. तिन्ही वेळा नव्वद मिनिटांत हरला नाही, हे लक्षात घ्या.

ब्रायन मेसोनव : टॉडचा संघातला सहकारी, १९९४ ची हरमन ट्रॉफी, १९९६ चं ऑलिंपिक, १९९८ चा विश्वचषक, क्रूमध्ये २००४ पर्यंत. या तिघांत खेळाडू म्हणून सगळ्यात मोठा. आणि मुख्य कोचची खुर्ची मिळायला सगळ्यात जास्त थांबला तोच! आधी असिस्टंट म्हणून वर्षं काढली, त्यातली बरीच टॉडच्याच हाताखाली, मग २०१८ ला ओहायो स्टेट. २०२४ ला संघ राष्ट्रीय स्पर्धेत पहिल्या मानांकनाने उतरला आणि उपांत्य फेरीपर्यंत गेला.

म्हणजे नावाजलेला खेळाडू असणं दाराशी नेऊन सोडतं, आत जायला दुसरी चावी लागते. पोर्टरची खेळाडू म्हणून कारकीर्द सगळ्यात तोकडी, म्हणून तो पंचविशीतच असिस्टंट झाला आणि तिशीच्या उंबरठ्यावर मुख्य कोच. लवकर संपलेल्या कारकिर्दीचा हा एक थंड हिशेबी फायदा.

अवांतर : इंडियानाचं बिल आर्मस्ट्राँग स्टेडियम पाहिलं असेल तर मैदानाभोवतीची काळपट धावपट्टी आठवेल. ती ‘लिटल ५००’ सायकल शर्यतीची.

---

अजिंक्य_कोल्हापूर

इकडे शाहू स्टेडियमवर सामन्याला तुडुंब गर्दी असते, पण खेळणं थांबल्यावर पुढे काय, याचं उत्तर फार कोणाकडे नसतं. म्हणून थेट विचारतो. इथला पदवीधर, चांगल्या पातळीवर खेळलेला, एआयएफएफचं (अखिल भारतीय फुटबॉल महासंघ) सी लायसन्स, म्हणजे कोचिंगचा परवाना असलेला मुलगा अमेरिकेत कॉलेज-कोचिंगमध्ये शिरू शकतो का? पायऱ्या काय?

---

कंप्लायन्स_काकू

शिरू शकतो, पण खेळाच्या जोरावर नाही, मास्टर्सच्या जोरावर. पायऱ्या :

१. ग्रॅज्युएट असिस्टंट. मास्टर्सला प्रवेश, त्यासोबत संघात काम, बदल्यात फीमाफी आणि थोडं मानधन. बॉब ब्रॅडलीने बाविसाव्या वर्षी ओहायो विद्यापीठाचा संघ हाती घेतला तो तिथे शिकत असतानाच. दुसरा, तिसरा विभाग आणि एनएआयएच्या (एनसीएएहून वेगळी संघटना) छोट्या कॉलेजांकडे आधी बघावं, तिथे गर्दी कमी. गोलींना शिकवता येत असेल तर ते अर्जात पहिल्या ओळीत लिहावं. दोन-तीन जणांच्या स्टाफला गोलीचा कोच मिळत नाही ही कायमची रड आहे.

२. विद्यार्थी व्हिसावर कॅम्पसच्या आत सत्र चालू असताना आठवड्याला २० तासच काम. उन्हाळ्यातल्या खासगी शिबिरांत परवानगीशिवाय पैसे घेतले की व्हिसा धोक्यात. सगळ्यात जास्त मुलं इथे चुकतात, कारण बाकीचा अख्खा स्टाफ ती शिबिरं घेत असतो.

३. पदवीनंतर बारा महिने कामाची मुभा. स्पोर्ट्स मॅनेजमेंट हा विषय स्टेमच्या (विज्ञान, तंत्रज्ञान, अभियांत्रिकी, गणित) यादीत नसल्यामुळे पुढची दोन वर्षांची वाढ मिळत नाही. विषय निवडतानाच हे बघावं.

४. मग एच-१बी, म्हणजे नोकरीचा व्हिसा. इथे एक चांगली बातमी : विद्यापीठं वार्षिक कोट्याच्या बाहेर आहेत, लॉटरी नाही. वाईट बातमी : असिस्टंटच्या पगारावर तो खटाटोप करायला प्रत्येक कॉलेज तयार होत नाही. शिवाय सप्टेंबर २०२५ च्या आदेशानुसार देशाबाहेरच्या माणसासाठी नव्या अर्जाला एक लाख डॉलर शुल्क लागलंय. त्यामुळे थेट भारतातून नोकरी ही वाट जवळपास बंद, शिकायला जाऊन तिथेच व्हिसाचं स्टेटस बदलणं हीच वाट.

‘फुकट स्वयंसेवक म्हणून सुरुवात कर’ हा सल्ला कोणी दिला तर तो जुना. पहिल्या विभागात स्वयंसेवक कोच हा प्रकार २०२३ मध्ये बंद झाला.

---

क्लीव्हलंडकर

आणि रुजू झाल्यावर पहिल्या महिन्यात पाठ करायची तारीख : १५ जून. अमेरिकेतली दहावी संपल्यावरच्या १५ जूनपूर्वी पहिल्या विभागाचा कोच मुलाला भरतीविषयी फोन, संदेश, ईमेल काही करू शकत नाही. मुलाने लिहिलं तरी उत्तरात शिबिराचं माहितीपत्रक किंवा ठरावीक प्रश्नावली एवढंच. अधिकृत कॅम्पस भेट त्यानंतरच्या १ ऑगस्टपासून. इथल्या मराठी पालकांनीही हे ध्यानात ठेवावं. नववीतल्या लेकीच्या ईमेलला कोचचं उत्तर आलं नाही म्हणजे ती नापसंत आहे असं नव्हे, त्याचे हात बांधलेले आहेत.

ईमेलमध्ये काय हवं ते सांगतो : बारावी होण्याचं वर्ष, खेळायची जागा, कोणता पाय, उंची, क्लब, गुणांची सरासरी, पुढच्या तीन सामन्यांची तारीख-वेळ-मैदान क्रमांक, आणि चार-पाच मिनिटांची चित्रफीत ज्यात पहिल्या तीस सेकंदांत सगळ्यात चांगलं आहे. गाणं लावू नये. स्वतःच्या डोक्याभोवती वर्तुळ दाखवावं, नाहीतर बावीस जणांत कोण ते शोधायला कोणाला वेळ नसतो.

---

पेठेतला_विंगर

मार्शलचा उल्लेख आला म्हणून : इंग्लिश कोच क्रिस ग्रासी आणि बहुतांशी परदेशी खेळाडू. तेवीस-चोवीस वर्षांची तयार मुलं आणली की अठरा वर्षांच्या पोरांना घडवण्याचं हे सगळं वसंतपुराण निकालात निघतं. जमाना त्याचा आहे.

---

मधली_फळी

भरतीचा आहे, हे मी पहिल्याच लेखात म्हटलं होतं :) फक्त दार बदललं. मात्र दरवर्षी निम्मा संघ नवा असेल तर शिकवायला आणखी कमी वेळ, म्हणून मेरिलँडचा साशो चिरोव्स्की कित्येक वर्षं मोसम दोन सत्रांत पसरवा म्हणून मागे लागलाय. ऑगस्ट ते डिसेंबरची ही कोंबाकोंब सुटली तर आठवड्याला एक सामना आणि चार दिवस खरा सराव. खेळ लगेच सुधारेल.

---

अजिंक्य_कोल्हापूर

काकू, क्लीव्हलंडकर, आभार. अर्ज कधी करायचे?

---

कंप्लायन्स_काकू

मुख्य कोचांच्या हकालपट्ट्या नोव्हेंबरात होतात, नवे डिसेंबरात येतात आणि आपला स्टाफ जानेवारी-फेब्रुवारीत भरतात. दर जानेवारीला युनायटेड सॉकर कोचेसचं अधिवेशन असतं, निम्म्या मुलाखती तिथल्या कॉफीच्या रांगेतच उरकतात. ग्रॅज्युएट असिस्टंटसाठी मात्र त्याच्या बरंच आधी हालावं. ऑगस्टला रुजू व्हायचं तर आदल्या सप्टेंबरपासून कोचना ईमेल, डिसेंबरपर्यंत प्रवेशअर्ज, वसंतात होकार, आणि व्हिसा मुलाखतीला मे-जून. कोचचा होकार आणि विद्यापीठाचा प्रवेश या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिला मिळाला म्हणून दुसऱ्याचा अर्ज लांबवू नका.